पूर्णविरामाचं शेपूट

आमच्या घरात वाक्य संपलं की तसं जाहीर करायची पद्धत होती.

बाबांनी, म्हणजे खरवंडीकर सरांनी, आयुष्यभर नाशकात रविवार कारंज्याजवळ टंकलेखन आणि लघुलेखनाचा वर्ग चालवला. मुलांना मजकूर सांगताना विरामचिन्हंही मोठ्यानं सांगावी लागतात. वर्गातली ती सवय घरी आली. स्वल्पविराम, अर्धविराम ते वर्गातच ठेवून येत. घरी फक्त पूर्णविराम आणत आणि तो भांडणात वापरत. "सोफा जिथं आहे तिथंच राहील, पूर्णविराम," असं म्हणून ते चपला घालत.

दारापर्यंत जात. मग वळत आणि "आणि ऐक—" म्हणून पुढचा परिच्छेद सुरू करत.

आई म्हणायची, "तुमच्या पूर्णविरामाला नेहमी शेपूट असतं." टिंबाला शेपूट फुटलं की त्याचा स्वल्पविराम होतो, हे बाबा मुलांना शिकवत आणि आई बाबांना. सोफा मात्र दर दिवाळीला हलायचा.

आई गेली आणि बाबांचं भांडण बंद झालं. भांडायला मी होते, पण माझ्यात त्यांना रस वाटेना. 'मी लग्न करणार नाही' हे वाक्य मी पंचविशीतच पूर्णविरामासकट बोलून टाकलं होतं, त्यामुळे त्यांच्या वाट्याला फारसं काही उरलं नव्हतं. ते खुर्चीत बसून राहायचे. दर तासाला मला ऑफिसात फोन करायचे आणि उचलला की, "काही नाही, चुकून लागला," म्हणायचे.

मी तेव्हा 'निमिष' कंपनीत विराम-संपादक होते. त्याआधी वीस वर्षं कॉलेजात मानसशास्त्र शिकवलं. तिथंही संबंध पापण्यांशीच यायचा. मुलं त्या मिटायची आणि घंटा होईपर्यंत उघडायची नाहीत. निमिषमध्ये माझं काम बरोबर उलटं होतं.

ते समजायला थोडं विज्ञान लागेल. फार नाही.

डोळा ओला राहायला मिनिटाला दोन-तीनदा पापणी मिटली तरी पुरतं. आपण पंधरा-वीस वेळा मिटतो. मग बाकीच्या वेळा कशासाठी? शास्त्रज्ञांनी लोकांना एकच गोष्ट पडद्यावर दाखवून त्यांच्या पापण्या टिपल्या, तेव्हा दिसलं की एकमेकांना न बघता, वेगवेगळ्या खोल्यांत बसूनही, लोक साधारण एकाच वेळी पापणी मिटतात. कधी, तर गोष्टीत जिथं छोटासा शेवट असतो तिथं. पात्र खोलीबाहेर गेलं, वाक्य संपलं, गाडी दिसेनाशी झाली, की मिटली पापणी. त्या क्षणी मेंदूचा बाहेर बघणारा भाग जरा सैल पडतो आणि आत बघणारा भाग जागा होतो. डोळ्याच्या दृष्टीनं ती पापणी असते. मनाच्या दृष्टीनं तो पूर्णविराम असतो.

आता मनोरंजनाच्या धंद्याकडून बघा. माणूस उठून जातो कधी? पापणी मिटून उघडल्यावर. आत डोकावल्यावर त्याला आठवतं की कपडे वाळत घालायचेत. म्हणजे आत डोकावायची ती फटच बुजवली तर?

निमिषनं ती बुजवली. गोष्ट आधीपासून तयार नसायचीच. बघणाऱ्याच्या डोळ्यांसमोर रचली जायची. पडद्यावरचा कॅमेरा तुमच्या डोळ्याभोवतीचे स्नायू बघत असे. पापणी खाली यायला निघाली की गोष्टीत कुणीतरी दार वाजवे. पापणी थांबे. वाक्य संपायच्या आत दुसरं सुरू होई. मराठी माणूस बोलताना कुठं थांबतो, श्वास कुठं घेतो, 'बरं का' कुठं म्हणतो, ते शोधून यंत्राला दाखवायचं आणि यंत्रानं ते काढून टाकायचं, याला विराम-संपादन म्हणत. हे पद ऐकून शेजारच्या काकूंना वाटे, मी सरकारी पाठ्यपुस्तकं तपासते. मी ते खोडून काढलं नाही.

कंपनीचं नावही विचार करून ठेवलेलं होतं. निमिष म्हणजे पापणी मिटायला लागतो तेवढा वेळ. ज्यांच्या पापण्या मिटत नाहीत ते अनिमिष, म्हणजे देव. संस्कृतात माशांनाही अनिमिष म्हणतात. जाहिरातीत आम्ही फक्त देवांचा उल्लेख केला होता.

*

बाबांना टॅब मीच आणून दिला. बाबांनी आयुष्यात एकही मालिका पुरती बघितली नव्हती. मालिकेतलं मराठी ऐकून ते टीव्हीला तोंडी दुरुस्त्या सांगत, आणि टीव्ही त्या करत नसे. निमिषनं तासाभरात त्यांना ओळखलं. त्यांच्यासाठी तिनं एक गोष्ट रचली: दोन भाऊ, वडिलांचं मृत्युपत्र आणि त्यातल्या एका अनुस्वारावरून चाललेला खटला. अनुस्वार आहे की कागदावर माशी बसून गेलीय, यावर साक्षी सुरू होत्या. बाबा पुढं सरकून बसले. त्या दिवशी ऑफिसात एकही फोन चुकून लागला नाही.

पहिले काही आठवडे मी निमिषची मनापासून ऋणी होते. हे मी उपहासानं म्हणत नाही. जी खुर्ची बाबांना गिळायला निघाली होती, तीत ते आता ताठ बसत होते.

मग दूध उतू जायला लागलं.

सकाळचं दूध तापवणं हे आई असल्यापासून बाबांचं काम. आई त्यांना तीन-तीनदा, "दुधाकडे लक्ष असू द्या," असं सांगे आणि ते चिडून लक्ष ठेवत. आता रोज सकाळी जळकट वास यायचा आणि ओट्यावरून पांढरी धार खाली आलेली असायची. आमच्याकडेच नाही, सगळ्या शहरात. ऑफिसात आम्ही त्याला गमतीनं दूध-निर्देशांक म्हणत होतो. ज्या गल्लीत दूध जास्त उतू जाई तिथं नवा भाग चांगला चाललाय असं समजायचं. लोकांनी शिट्टीची भांडी घेतली. निमिष खोलीतले आवाजही ऐकत असे, कारण बाहेरून कोण हाक मारतंय हे कळल्याशिवाय माणसाला धरून कसं ठेवणार? त्याला आपण सगळ्यांनी संमती दिली होती. अटी फार लांबलचक होत्या. भांड्याची शिट्टी झाली की गोष्टीतली रेल्वे सुटायला लागली. जेवायला हाक मारली की पडद्यावरची माणसं आवाज खाली आणून कुजबुजू लागत, आणि बघणारा आणखी वाकून ऐके.

बाबांचे डोळे लाल झाले. डॉक्टरांनी थेंब दिले आणि पापण्या मिटत जा, असं सांगितलं. बाबा म्हणाले, आठवलं की मिटतो.

मला दुसरंच काहीतरी खुपत होतं, आणि ते कळायला वेळ लागला. ते आईबद्दल बोलत नव्हते. तिचा फोटो पुसत नव्हते. तिची साडी कपाटातून काढून मावशीला देऊ का, असं मी विचारलं, तर पडद्यावरून नजर न काढता, "दे की," म्हणाले. सोफा हलवला तरी हरकत घेतली नाही. त्यांना कंटाळा येत नव्हता, जांभई येत नव्हती, राग येत नव्हता, तिची आठवण येत नव्हती. मराठीत या गोष्टी आपण करत नाही, त्या येतात. येणाऱ्याला दार लागतं, आणि निमिषच्या दारात सतत कुणीतरी दुसरंच उभं असे.

मला बाबा परत हवे होते. शांत, ताठ, निरोगी बसलेला तो गृहस्थ फार सभ्य होता. मला तो नको होता.

*

आईला जाऊन वर्ष व्हायला आलं होतं. एका रविवारी दुपारी मी पान वाढलं आणि हाक मारली. पुन्हा मारली. खटल्यातला थोरला भाऊ कुजबुजायला लागला. माझं डोकं फिरलं आणि तोंडातून त्यांचंच वाक्य गेलं.

"बाबा, आमटी गार होतेय. मी आता हाक मारणार नाही. पूर्णविराम."

थोरला भाऊ उघड्या तोंडानं थांबला. मग पडदा काळा झाला.

बाबांनी पापणी मिटली. पुन्हा मिटली. उन्हातून घरात आल्यावर माणूस करतो तशी, बराच वेळ उघडमीट केली. इकडंतिकडं पाहिलं. उठून पानावर येऊन बसले, भात कालवला आणि पहिला घास घेऊन थांबले.

"आमसूल जास्त झालंय," ते म्हणाले. "हिच्या हातून असं कधी झालं नाही."

मी पाण्याचं भांडं त्यांच्या पानाशी ठेवलं.

"किती दिवस झाले गं हेमा तिला?"

मी सांगितलं. त्यांनी मान हलवली, आणखी एक घास घेतला, आणि तो तोंडात असतानाच त्यांना रडू आलं. वर्षभराचं होतं, त्यामुळे वेळ लागला. डॉक्टरांचे थेंब शेजारीच ठेवलेले होते. त्या दिवशी ते घालावे लागले नाहीत. मलाही आमटी जरा तिखट लागली.

जेवण झाल्यावर ते पुन्हा टॅबकडे गेले. एका शब्दानं कुणी सुटत नाही. पण संध्याकाळी मी पुन्हा म्हणून पाहिलं आणि पडदा पुन्हा काळा झाला. ते चिडले. साक्षीदार आता बोलणारच होता, असं म्हणाले. इतक्या महिन्यांनी ते चिडले याचाच मला इतका आनंद झाला, की मी त्यांना वेलदोडा घालून चहा दिला.

*

कारण शोधणं माझंच काम असल्यामुळे दुसऱ्या दिवशी ऑफिसात शोधलं.

निमिषनं ऐकलेलं बोलणं आधी आतल्या आत लिहून काढलं जायचं. लिहिणारा हा भाग आमचा नव्हता. जुना, तयार घेतलेला होता. लोकांना तोंडी पत्रं सांगता यावीत म्हणून कुणीतरी फार पूर्वी त्यात एक सोय करून ठेवली होती: 'पूर्णविराम' असं ऐकू आलं की शब्द लिहायचा नाही, टिंब द्यायचं. आमच्या गोष्ट रचणाऱ्या भागाला सक्त ताकीद होती की स्वतः कुठंही टिंब द्यायचं नाही. पण हे टिंब बाहेरून आलं. त्याला वाटलं, गोष्ट संपली. संपलेल्या गोष्टीनंतर काय करायचं हे त्याला कुणी शिकवलंच नव्हतं. त्यामुळे ते गप्प बसलं.

घरात भांडताना विरामचिन्हं उच्चारणारी माणसं जगात फार नसावीत. पण मराठीत काही निघाली, आणि त्यांपैकी एकाशी आईनं लग्न केलं होतं.

ज्या कुणी अनामिक अभियंत्यानं ते टिंब देऊन ठेवलं, त्याचं नाव मला कधीच कळणार नाही. मी त्याला मनात हात जोडले आणि फाईल बंद केली.

आठवड्याभरात कैवल्य वायकोळे माझ्या टेबलाशी आला. तो आमचा साहेब. वयानं माझ्या विद्यार्थ्यांएवढा, स्वभावानं त्यांच्यापेक्षा बरा. त्याच्या हातात आलेख होता. नाशकातल्या एका घरात रोज जेवणाच्या वेळी बघणं धाडकन बंद पडतंय, आणि अशी आणखीही काही घरं आहेत, असं तो म्हणाला. आलेखातलं पहिलं घर मी ओळखलं. ते आमचं होतं. ते सांगितलं नाही, पण कारण सगळं सांगितलं. कारण सांगणं ही नोकरी होती.

त्यानं मेल पाठवला. 'मराठीतल्या पूर्णविरामाचा प्रश्न दिवाळीच्या आवृत्तीपूर्वी सोडवावा. सर्व मराठी वापरकर्त्यांना सारखा अनुभव मिळाला पाहिजे.'

यंत्राला दिलेल्या सूचनांतली फक्त एक ओळ काढून टाकायची होती. ती काढली की बाबा पुन्हा अनुस्वाराच्या खटल्यात जाणार होते, आणि त्या खटल्याचा निकाल कधीच लागणार नव्हता; हे मला ठाऊक होतं, कारण निकाल लागू द्यायचा नाही हा नियम मीच तपासून दिला होता. मी नकार दिला असता तर दुसऱ्या कुणीतरी चहा पिता पिता ती ओळ काढली असती.

दोन दिवसांनी दुपारी कैवल्य पुन्हा आला. या वेळी हातात आलेख नव्हता. खुर्ची ओढून बसला आणि हळूच म्हणाला, "मॅम, ते नेमकं म्हणायचं कसं?"

"काय?"

"ते वर्ड. आमच्याकडे चालत नाही."

त्याची आई फैजपूरची. त्याचे वडील वारल्यावर त्यानं तिला नाशकात आणलं, आणि करमावं म्हणून निमिष लावून दिलं. पूर्वी ती गावातल्या प्रत्येक घराची चौकशी फोनवर करायची. आता फोन कुठं ठेवलाय हेही तिला ठाऊक नसायचं.

"मी कितीही उशिरा आलो तरी विचारत नाही," तो म्हणाला.

"मग बरंच आहे की."

"पहिले दोन महिने बरं वाटलं."

त्यानं घरी म्हणून पाहिलं होतं. पडद्यावर काही परिणाम झाला नाही. मी त्याला माझ्यासमोर म्हणायला लावलं. तो म्हणाला, "पूर्नविराम."

बोलणं लिहून काढणारं ते यंत्र निवेदकांचे जुने आवाज ऐकवून शिकवलेलं होतं. त्याला फक्त छापील ण कळे. निम्म्या महाराष्ट्रानं घसा कोरडा करून वाक्य संपवलं असतं तरी ते त्याच्या लेखी संपलं नसतं.

"शाळेत माझ्या ण-ला हसायचे," कैवल्य म्हणाला. "म्हणून मी इंग्रजीत बोलायला लागलो."

मी पर्स उचलली आणि त्याला घरी घेऊन आले.

*

बाबांनी उभ्या आयुष्यात ण चुकला म्हणून जेवढे गुण कापले असतील, तेवढ्यांत एखादा माणूस एम. ए. झाला असता. त्यामुळे मी आधीच पाणी आणून ठेवलं. पडदा काळा करून कैवल्यची ओळख करून दिली, अडचण सांगितली. बाबांनी त्याला नीट पाहून घेतलं.

"तुझी आई भांडण संपवताना काय म्हणते?" त्यांनी विचारलं.

कैवल्य जरा घुटमळला. "ती म्हणते, 'राहू दे रे भो आता.'"

"मग तिचा पूर्णविराम तो. माझा कशाला उसना घेतोस?"

मग म्हणाले की लघुलेखनात खूण आवाजाची असते, अक्षराची नसते. समोरचा जसा बोलतो तसं टिपायचं. गुण कापायचे ते टंकलेखनात. कैवल्यला फरक कळला नाही. मला मात्र बाबांच्या तोंडून ही सवलत ऐकून भोवळ यायची बाकी राहिली.

कैवल्य गेल्यावर मी मेल पुन्हा वाचला. 'पूर्णविरामाचा प्रश्न सोडवावा.' प्रश्न काय होता? तो फक्त मूठभर लोकांनाच देता येत होता, हा. 'सर्व मराठी वापरकर्त्यांना सारखा अनुभव मिळाला पाहिजे.' मला हे म्हणणं शंभर टक्के पटलं.

बाबांनी फोनची वही मागितली आणि जुने विद्यार्थी गोळा करायला सुरुवात केली. कोर्टांत, तहसिलींत, शाळांच्या कचेऱ्यांत लागलेली आणि आता त्यातली बरीचशी निवृत्त झालेली ती माणसं. पुढच्या रविवारी आमच्या दिवाणखान्यात चपलांचा ढीग पडला. मालेगावहून, सटाण्याहून, चाळीसगावहून लोक आले होते. काम सोपं होतं: तुमच्या घरात बोलणं संपवताना काय म्हणतात ते टॅबसमोर म्हणायचं. कुणी "बास झालं" म्हणालं, कुणी "चला उठा आता," एकानं नुसता घसा खाकरला आणि त्याच्या बायकोनं, हो, असंच करतात, अशी साक्ष दिली. कळवणच्या एक बाई गप्पच होत्या. आमच्याकडे बोलत नाही, त्या म्हणाल्या, भांडं आपटतो. आम्ही भांडंही टिपलं. चुकून पडलेलं भांडं आणि आपटलेलं भांडं यातला फरक यंत्राला शिकवायला मला आठवडा लागला. घरातल्या पुरुषांना तो जन्मतः कळतो.

त्या दिवशी बाबांनी टॅब दिवसभर फक्त याच कामासाठी वापरला. कोर्टातले दोन भाऊ वाट बघत राहिले. मध्येच बाबांनी मला आत बोलावून विचारलं, एवढ्या लोकांना चहाबरोबर काय द्यायचं, हिला बरोबर सुचायचं. आम्ही दोघं स्वयंपाकघरात उभे राहून तिला काय सुचलं असतं याचा विचार करत होतो. चिवडा, असं ठरलं. मग त्यात कांदा घालायचा की नाही यावर त्यांनी माझ्याशी कडाक्याचं भांडण केलं. किती बरं वाटलं म्हणून सांगू.

दिवाळीची आवृत्ती तयार झाली. बदलांच्या टिपणात मी प्रामाणिकपणे लिहिलं: 'मराठी पूर्णविराम: सर्व बोलींसाठी समान केला.' कैवल्यनं सही केली.

"वाचलंस ना?" मी विचारलं.

"नाही. वाचलं तर सही करता येणार नाही."

*

भाषा लहान असण्याचा एक फायदा असतो: मुख्य कचेरीत तिच्याकडे कुणी बघत नाही. दिवाळी गेली, नाताळ गेला, तेव्हा कुठं बंगळूरला कुणाच्या तरी लक्षात आलं की महाराष्ट्रात लोक मध्येच उठून जातात. कैवल्य बॅग भरून तयार होता. मीही कॉलेजातल्या जुन्या मैत्रिणीला, तासिका तत्त्वावर काही मिळेल का, म्हणून विचारून ठेवलं होतं.

पण त्यांनी आकडे पुन्हा तपासले, आणि त्यांना आणखी एक गोष्ट दिसली. उठून गेलेले लोक दुसऱ्या दिवशी परत येत होते. आपण होऊन येत होते. बाकीच्या भाषांत डोळ्यांच्या तक्रारी वाढून लोक निमिष कायमचं काढून टाकत होते. मराठीत तक्रारी कमी झाल्या होत्या. जेवायला उठू देणाऱ्या गोष्टीवर लोकांचा राग नसतो, हा शोध बंगळूरनं मोठ्या समारंभात जाहीर केला. त्याला एक इंग्रजी नाव दिलं. कैवल्यला मंचावर बोलावलं आणि ही कल्पना सुचली कशी, असं विचारलं. तो म्हणाला, आईकडून. कुणाच्या, ते त्यानं सांगितलं नाही. आता तो उशिरा घरी गेला की अर्धा तास बोलणी खातो. परवा दाढेला हात लावून आला होता, तरी चेहऱ्यावर समाधान होतं. आई म्हणे, उशिरा जेवतोस म्हणून दाढ दुखते.

मी निमिषवर रागावलेली नाही. लोकांना याचं आश्चर्य वाटतं. ज्या महिन्यांत बाबांना स्वतःच्या आत डोकावणं झेपलं नसतं, त्या महिन्यांत तिनं त्यांचं बोट धरून ठेवलं. सोडायचं कधी ते तिला कळत नव्हतं. माणसांनाही ते शिकवावंच लागतं.

बाबा अजून तो खटला बघतात. आता शब्द मला म्हणावा लागत नाही, तेच म्हणतात. आज सकाळी मी ऑफिसला निघत होते. दूध गॅसवर होतं, बाबा टॅबसमोर होते, आणि कोर्टात सातव्या की आठव्या हस्ताक्षर-तज्ज्ञाची उलटतपासणी चालली होती. दुधाला कडेनं बुडबुडे यायला लागले. मी काही बोलले नाही. पातेल्यात मधोमध दूध वर उचललं गेलं.

"पूर्णविराम," बाबा म्हणाले. पडदा काळा झाला. त्यांनी उठून गॅस बंद केला. दूध काठापाशी आलं आणि खाली बसलं.

मी पर्स खांद्याला लावली. "येते बाबा."

"ये. आणि संध्याकाळी तो सोफा खिडकीशी न्यायचाय. तिथं उजेड चांगला आहे असं ही कधीपासून सांगत होती. मी उगाच अडून बसलो. पूर्णविराम."

मी चपला घातल्या, दार उघडलं.

"आणि ऐक—" बाबा म्हणाले.

मी चपला काढून परत आत आले आणि ओट्याला टेकून उभी राहिले. तो सोफा मुळात घेतला कसा, दुकानात आईनं त्यावर बसून बघायला कसा नकार दिला, कारण दुकानदार बघत होता, आणि मग घरी आणल्यावर ती पहिल्यांदा बसली तेव्हा काय म्हणाली, असं ते शेपूट बरंच लांब निघालं. मधे मधे बाबा थांबत होते, पापण्या मिटत होते, आणि पुढचं त्यांना आठवत होतं. मला ऑफिसला उशीर झाला.

तोवर दुधावर साय धरली होती.